अळणी सारण

भरल्या वांग्यात मीठ नसेल तर ते कसं लागतं, हे मला विचारा. मी ते स्वतःच्या हातानं केलंय, करताना कित्येकदा चाखलंय, आणि वर त्याचा ठपकाही घेतलाय. तो ठपका ठेवणारी बाई पुढं कित्येक वर्षं माझ्याच हातचं जेवत होती.

आमचं घर सोलापुरात, गिरणीच्या मागच्या अंगाला. दोन खोल्या आणि पुढं पत्रा टाकलेला सोपा. वडील गिरणीच्या हापिसात कारकून. घरात आई, वडील, मी आणि आत्या. आत्या म्हणजे वडिलांची थोरली बहीण. तिला सांगोल्याकडं दिली होती, लवकर नवरा गेला, आणि ती भावाच्या दारात आली ती कायमची. वडील तिला अक्का म्हणायचे आणि तिच्या शब्दाबाहेर जायचे नाहीत. सोमवार, एकादशी, चतुर्थी, एकही उपास ती सोडायची नाही. उपासाची तिची भांडी वेगळी, तवा वेगळा, तिखटाची डबी वेगळी. तिच्या फळीला हात लावायची आमची कुणाची टाप नव्हती.

आईच्या हाताला चव होती. कुणाकडं बारसं असो की साखरपुडा, भरली वांगी करायला आईलाच बोलावणं यायचं. बहात्तरच्या दुष्काळात शेंगदाणे दिसेनासे झाले, तेव्हा तिनं कडक भाकरी कुटून तिचा चुरा सारणात घालायला सुरुवात केली. पातळ थापून, भाजून, पापडासारखी वाळवलेली ज्वारीची भाकरी ती. आमच्याकडं महिनाभर टिकते. दुष्काळ सरला, दाणे परत आले, पण चुरा सारणात राहिला तो राहिलाच. तो वांग्याचा रस पिऊन फुगायचा आणि दातांखाली खरखरीत लागायचा. लोक विचारायचे यात काय घातलंय, आणि आई नुसती हसायची.

दुष्काळानंतरच्या वर्षी आईचे पाय सुजले. आधी घोट्यापाशी, मग वर. अंगठ्यानं दाबलं की खड्डा पडायचा आणि तसाच राहायचा. डॉक्टरांनी रक्तदाब बघितला, लघवी तपासायला लावली आणि वडिलांना न सांगता मलाच सांगितलं, कारण मॅट्रिक होऊन घरी बसलेली मी, आईला दवाखान्यात न्यायचं काम माझंच. म्हणाले, "मूत्रपिंडं थकलीत. मीठ बंद. लोणचं, पापड, पाव, बिस्किटं, सगळं बंद. मीठ पोटात गेलं तर माझ्या गोळ्यांचा काही उपयोग नाही." मी घरी येऊन मिठाची बरणी वरच्या फळीवर टाकली.

आईनं पहिल्या दिवशी दोन घास खाल्ले आणि ताट सरकवलं. दुसऱ्या दिवशीही तेच. सगळ्या आळीला जेवण शिकवणारी बाई, तिला मी फिक्कं वरण आणि फिकी भाजी वाढत होते. आठवड्यात तिच्या गळ्याची हाडं दिसायला लागली, आणि पाय मात्र तसेच टम्म. मला धडकी भरली. मिठानं गेली नाही तर उपाशी राहून जाईल, असं मला दिसत होतं.

मग मी सारणाच्या मागं लागले. अळणी असूनही तोंडाला चव येईल असं कोरडं सारण करून डब्यात भरून ठेवायचं, म्हणजे वांग्यात, दोडक्यात, ढबू मिरचीत, कशातही भरता येईल. सोपं वाटतं, पण मीठ कुठं कुठं दडून बसलेलं असतं ते तेव्हा कळलं. वर्षाचा मसाला आम्ही टिकावा म्हणून मीठ घालूनच कुटायचो, तो बाद. शेजारणीनं दिलेल्या कडक भाकरीत मीठ होतं, तीही बाद. चिरलेली वांगी काळी पडू नयेत म्हणून मिठाच्या पाण्यात टाकतात, तेही बंद. साध्या पाण्यात टाकायची आणि काळी पडली तर पडू द्यायची.

मी स्वतः भाकरी थापल्या, वाळवल्या, जाडसर कुटल्या. तीळ, कारळं, सुकं खोबरं वेगवेगळं भाजलं. सगळं एकदम भाजलं की तीळ जळतात आणि खोबरं कच्चं राहतं. धने-जिरे जरा जास्तच भाजले, करपायच्या अलीकडं, कारण त्या कडसर वासानं जीभ फसते. लसूण तेलात कुरकुरीत तळून चुरली. आमसुलं उन्हात कडक करून कुटली. आंबटपणा असला की मिठाची उणीव निम्मी झाकते, हे माझं मीच शोधून काढलं. आई खाटेवरून बघायची. "आमसूल अजून घाल," एवढंच म्हणायची. मिठावाचून सारणाला लवकर वास येतो, म्हणून दर आठ दिवसांनी थोडं थोडं करायचं. पहिल्या तीन खेपा फसल्या. चौथ्या खेपेला आईनं एक अख्खं वांगं खाल्लं. मी मोरीत जाऊन रडले.

नंतर तर ती नीट जेवायला लागली. म्हणाली, "आता जमलं बघ तुला." मला आभाळ ठेंगणं झालं. शेजारच्या बायका डबा उघडून वास घेऊन गेल्या. वडील कधी माझं कौतुक न करणारे, तेही म्हणाले, पोरीनं आईला उठवलं.

आणि पाय पुन्हा सुजले. या वेळी चेहराही. डॉक्टरांनी तिला तपासलं आणि माझ्याकडं वळून बघितलं. "मीठ चालू आहे." मी म्हणाले, कणभरही नाही. ते म्हणाले, "पोरी, तू मला शिकवू नकोस. घरात स्वयंपाक कोण करतं?" मी करते म्हणून सांगितलं. दवाखान्यात बसलेल्या सगळ्या बायका माझ्याकडं बघत होत्या.

घरी आले आणि डब्यातलं सारण चिमूटभर जिभेवर ठेवलं. मी ते दर आठवड्याला करत होते, पण डब्यात भरल्यावर कधी चाखलं नव्हतं. खारट होतं. चांगलं, बेतानं, नेमकं खारट. पुढच्या सोमवारी मी बाजाराला जाते म्हणून निघाले आणि कोपऱ्यावरून परत फिरले. आत्या स्वयंपाकघरात उकिडवी बसली होती. तिच्या उपासाच्या खलबत्त्यात शेंदेलोणाचे गुलाबी खडे कुटत होती, आणि माझा डबा उघडा होता.

"आत्या, हे काय टाकतेस?"

ती दचकलीसुद्धा नाही. "शेंदेलोण हाय. उपासाचं."

"ते मीठच की."

"मीठ कसं असंल? मीठ उपासाला चालतंय व्हय? हे चालतंय. देवाला चालतंय ते तुज्या आईला का चालू न्हाय? लई शानी झालीस. बाई उपाशी मरायला लागली हुती, माज्यामुळं जेवतीया."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी खलबत्ता हिसकून घेतला, तो तिच्या उपासाचा होता, त्यावरून वेगळाच गोंधळ. मी तशीच डॉक्टरांकडं गेले. त्यांनी मान वर न करता सांगितलं, "खाणीतलं असो नाहीतर समुद्रातलं, मीठ ते मीठ. हेच चाललंय होय तुमच्याकडं?" मला वाटलं आता सुटले. वडील संध्याकाळी आले, त्यांना शब्दन् शब्द सांगितला. हापिसात इंग्रजीत पत्रं लिहिणारा माणूस. चपला काढत म्हणाले, "डॉक्टरला उपासातलं काय कळतं? अक्का इतकी वर्षं खाते, तिला काय झालंय? आणि मोठ्या माणसाच्या अंगावर जातेस, हे कुणी शिकवलं?" झालं, न्याय संपला.

मी आईच्या खाटेशी बसले. म्हटलं, आई, तू तरी सांग, ती डब्यात शेंदेलोण घालत होती.   आई माझा हात धरून म्हणाली, "राहू दे गं. वन्संना काही बोलू नकोस. तेवढंच तोंडाला बरं वाटत होतं."

म्हणजे तिला ठाऊक होतं. अहो, ठाऊक नसेल कसं? मीठ चिमटीनं मोजणारी जीभ तिची. पहिल्या घासालाच कळलं असणार. आणि तरी मला म्हणाली होती, आता जमलं बघ तुला. आत्याचा राग तर आहेच, तो माझ्याबरोबर सरणावर जाईल. पण त्या संध्याकाळी मला आईचा जो राग आला, तोसुद्धा अजून गेलेला नाही. मी तिला जगवायला निघाले होते आणि ती माझी समजूत घालत होती.

मी सारण पुन्हा केलं, कुलपाच्या पेटीत ठेवलं. आईनं ते तोंडाला लावलं नाही. लावल्यासारखं करायची, आणि मी पाठ फिरवली की वांगं ताटाखाली सरकवायची. थंडी सुरू व्हायच्या आत ती गेली.

दिवस करायला जमलेल्या बायकांसमोर आत्यानं पदर डोळ्याला लावला आणि म्हणाली, "माज्या वैनीला पोरीनं अळणी घालून घालून मारलं. मरताना बी वांगं गोड लागलं न्हाय बिचारीला." ती खोटं रडत नव्हती, हे मला दिसत होतं आणि त्यानं मी जास्तच जळत होते. मी वडिलांकडं बघितलं. त्यांनी अक्कापुढं पाण्याचा तांब्या सरकवला.

पुढं मी डीएड केलं, नगरपालिकेच्या शाळेत लागले. माझ्या लग्नाचं कुणी मनावर घेतलं नाही. घराला बाई हवी होती ना. वडील, आत्या आणि मी, असे तिघं त्याच दोन खोल्यांत राहिलो. दशक सरत आलं आणि एक दिवस आत्याच्या पायावर मला तो खड्डा दिसला. डॉक्टर तेच, फक्त केस पिकलेले. "आजी, मीठ बंद."

मी भाकरी थापल्या, वाळवल्या, कुटल्या. धने करपायच्या अलीकडं भाजले. आमसुलं उन्हात टाकली. तिचा शेंदेलोणाचा डबा शाळेत जाताना पिशवीत घालून नेला आणि वाटेत नाल्यात रिकामा केला. रोज संध्याकाळी ती माझ्यामागं हात धुवून लागायची, "थोडं शेंदेलोण टाक की. ते काय मीठ न्हाय." मी म्हणायचे, नाही. वडील म्हणायचे, अगं म्हातारं माणूस. मी म्हणायचे, तुम्ही जेवा. माया म्हणून मी हे करत नव्हते, आणि आज तसं म्हणणारही नाही. मला फक्त बघायचं होतं की माझं सारण माणूस जगवतं की नाही.

जगवलं. पाय उतरले, रक्तदाब उतरला. डॉक्टरांनी पुन्हा पुन्हा तपासलं आणि म्हणाले, "आजी, नशीबवान आहात. असं पथ्य कुणाच्या घरी पाळलेलं मी बघितलं नाही. तुमच्या भाचीचे पाय धरा."

"कसलं नशीब," आत्या म्हणाली. "तोंडाची चव घालवली हिनं माज्या. हिची रीतच ही. आईलाबी असंच अळणी घालून मारलं, विचारा की तिलाच."

डॉक्टरांनी माझ्याकडं बघितलं. त्यांना आई आठवत नव्हती. खुर्ची तीच, खोली तीच, बाकावर पुन्हा बायका बसलेल्या, आणि सगळ्या माझ्या तोंडाकडं बघत होत्या.

"हो, मारलं," मी म्हणाले. "ऊठ आता. वांगी साध्या पाण्यात टाकून आलेय, काळी पडतील."