जुन्या गावापाशी बंद पडणारी जीप

जुन्या किल्लारीच्या पडक्या भिंती दिसल्या आणि माझ्या मांडीवरच्या लॅपटॉपवर एरर आली: लायब्ररी लोड झाली नाही. तेवढ्यात जीपही मंद होत होत बंद पडली. भर दुपार होती. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं.

"म्हणलं न्हवतं का, सत्तारभाई?" शिवअप्पा स्टिअरिंग धरूनच बोलले. "हितंच मरती."

माझं लातूरला इंजिन ट्यूनिंगचं काम. गाडीत ईसीयू नावाचा छोटा कॉम्प्युटर असतो. डिझेल किती सोडायचं ते तो ठरवतो. त्याच्याशी बोलायला सॉफ्टवेअरला लायब्ररी, म्हणजे तयार कोडची फाईल लागते. ती लोड झाली नाही तर काहीच वाचता येत नाही.

अप्पा या जीपमधून लातूरला कोचिंगची पोरं न्यायचे. त्र्याण्णवच्या भूकंपात गेलेल्यांनी गाडी धरली, अशी बोलवा उठली होती. आईबाप पोरं पाठवेनात.

वर्कशॉपमध्ये सगळं सुरळीत. सॉफ्टवेअर पुन्हा टाकून परत गेलो. त्याच भिंती, तीच एरर, जीप बंद.

मग वायर बघितली. तिथं रस्ता उखडलेला. दणक्यानं यूएसबीची पिन हलायची, ईसीयूशी जोडणारा अ‍ॅडॅप्टर सुटायचा. सॉफ्टवेअर लायब्ररी नव्यानं लोड करायला जायचं आणि हात टेकायचं. मी पिन टेपनं पक्की केली.

पुढच्या फेरीत लायब्ररी टिकली. जीप मात्र बंद पडलीच. मी लॉग, म्हणजे चालत्या गाडीची नोंद उघडली. इंजिन ठणठणीत. फक्त अ‍ॅक्सिलरेटर पेडलची रेघ भिंती येताच शून्यावर. गिअर तसाच, म्हणून वेग मरत इंजिन बंद पडायचं.

"अप्पा, तुम्ही पाय काढलात."

"न्हाई भाई. दाबूनच धरलाय की."

मी खाली पाहिलं. त्यांचा पाय पेडलच्या वर, हवेतच होता. त्यांना पत्ताच नव्हता.

त्यांनी भिंतींकडे बोट केलं. "हितं आमचं घर हुतं. मी एकटाच जित्ता निघालो."

ते उतरले, झुडपांतून आत गेले. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच, असं नंतर म्हणाले. परत आले तेव्हा घराच्या जागी काढलेल्या चपला हातातच होत्या.

आता तेवढ्या टप्प्यात दुसरा ड्रायव्हर गाडी चालवतो. अप्पा शेजारी डोळे मिटून बसतात. पोरं परत येऊ लागलीत. आणि मी कुठल्याही गाडीचा लॉग उघडला, की इंजिनच्या आधी पेडलची रेघ बघतो.