आत्याच्या परसातली सिंधू संस्कृती

तुमच्यापैकी कोणी आपल्याच माहेरच्या परसात सिंधू संस्कृती शोधून काढली आहे का? मी काढली आहे. आता हसायचं तर खुशाल हसा.

पनवेलजवळचं आमचं गाव प्रकल्पात गेलं. सगळे निघून गेले, राहिली एकटी माझी आत्या. खारघरला खोली मिळूनही तिचा पाय निघत नव्हता. शेवटी प्रकल्पाची माणसं उद्या घर पाडणार म्हणून सांगून गेली आणि मी तिचं सामान बांधायला गेले.

परसातली तुळस काढताना मातीत खापर लागलं. लाल, वर पांढऱ्या त्रिकोणांची नक्षी! माझं शिक्षण दहावीपर्यंतचं, पण भाचीचा इतिहासाचा अभ्यास मीच घेते. आधी हडप्पा, मग लोखंडाचा काळ, मग सातवाहन, सगळं तोंडपाठ. पुस्तकात अगदी अशीच नक्षी होती. आणि जुनं काही सापडलं की खोदकाम थांबतं, हे टीव्हीवर पाहिलेलं. म्हणजे आत्याचं घर वाचलं की हो!

मी सगळ्यांना फोन केले. आमच्या बिल्डिंगमध्ये कॉलेजात इतिहास शिकवणाऱ्या मॅडम राहतात, त्यांनाही बोलावलं. त्या येईपर्यंत अर्धं गाव परत जमलं. मी ओट्यावर उभी राहून त्यांना एकेक कालखंड समजावला. आत्याने तर बांधलेली भांडी सोडून सगळ्यांसाठी चहा टाकला. आता कुठे जायचं नाही, असंच ती धरून चालली होती.

मॅडमनी नक्षीवर नख घासलं. मग हळूच म्हणाल्या, "ताई, हा ऑइल पेंट आहे."

गाठोड्यातून चष्मा काढून आत्याने तेव्हा कुठे खापर पाहिलं.

"बाय, ह्यो तुज्या लग्नाच्या मांडवातला घडा हाय. तुज्या बापानं दाराचा उरलेला रंग लावलेला. फुटला तवा मीच तुळशीत पुरला. तुला वलखू नाय आला?"

मान खाली घालून बसलेल्या नवरीला घडे कुठून दिसणार?

शेजारचे काका म्हणाले, "म्हंजे आमची हडप्पा तूच की गो."

सगळे हसले. आत्याही हसली, आणि हसता हसता पदराने डोळे पुसत राहिली. मग चहाचे कप विसळून तिने पुन्हा बांधायला घेतले. मला तिच्याकडे बघवेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी बुलडोझर आला, आत्या टेम्पोत पुढे बसली आणि घर पाडलं गेलं.