कोंबडे दिवाळीनंतरच का जातात

सावधान! आमच्या खात्याच्या इतिहासात जे प्रकरण सुवर्णाक्षरांनी लिहिलं जायला हवं होतं आणि पेन्सिलीनेही कुणी लिहिलं नाही, ते आज मी जाहीर करीत आहे. प्रकरण कोंबड्यांचं आहे. हसणाऱ्यांनी आत्ताच हसून घ्यावं.

गोवा नुकतंच राज्य झालं होतं, कोकणी राजभाषा झाली होती आणि मी डिचोली भागात फौजदार होतो. फिर्याद कोणत्या भाषेत लिहायची यावर ठाण्यात रोज वाद चाले. चोर मात्र कोणत्याच भाषेत सापडत नव्हते. खाणपट्ट्यातल्या वाड्यांवरून कोंबडे जात. फक्त कोंबडे. शेजारी बसलेल्या कोंबडीला कुणी हातही लावत नसे.

त्याच दिवसांत पणजीच्या एका महाविद्यालयात अर्थशास्त्र शिकवणाऱ्या बाई रीतसर परवानगी घेऊन ठाण्यात येत. पावसाळ्यात खनिजाचे ट्रक थांबतात. मग चोऱ्या किती वाढतात आणि किती उशिराने, हे त्यांना मांडायचं होतं.

"तक्रार नसलेले आठवडेही द्या, साहेब. शून्य हासुद्धा आकडाच आहे."

"बाई, शून्याची फिर्याद घेऊन कुणी येत नाही."

त्या हसल्या आणि शांतपणे समजावू लागल्या. क्वचित घडणाऱ्या गोष्टी मोजताना बरेच आठवडे शून्याचे निघतात, मग एखादी चोरी, मध्येच तीन. तीन एकदम झाल्या म्हणून टोळीच असते असं नाही, योगायोगही तसाच दिसतो. योगायोगाच्या वर काही आहे का, ते गणिताने शोधायचं. शिवाय कारण आज घडलं तरी परिणाम पुढच्या काही आठवड्यांत थोडाथोडा उतरतो. मी मान डोलावली. फौजदाराला मान डोलवायचा पगार असतो.

दिवाळीनंतर मये गावचा एक भाटकार, म्हणजे जमीनदार, तावातावाने ठाण्यात आला. "साहेब, असो कोंबडो उभ्या गोंयात ना! आरवलो की अख्खो वाडो उठायचो!" आमच्या खबऱ्याने लगेच खबर दिली, की सिंधुदुर्गातून आलेल्या एका ट्रक ड्रायव्हरच्या खोपीमागे लाल पिसं पडली आहेत. पोरगा पावसाळाभर बेकार होता आणि आताच त्याला पुन्हा गाडी मिळाली होती. मी त्याला चौकशीला आणून बाकावर बसवलं. मागोमाग कंत्राटदाराचा निरोप आला. केस झाली तर गाडी दुसऱ्याला.

मी दरडावलं, चहा पाजला, पुन्हा दरडावलं. पोरगा गप्प. चोर गप्प बसतो तेव्हा दाराकडे बघतो. हा आपल्या पायांकडे बघत होता. मला ते खटकलं.

तेवढ्यात बाई आल्या, चेहरा पडलेला. "साहेब, माझं गणित चुकलं. चिन्ह उलटं येतंय. काम बंद असतं तेव्हा कोंबडे सुखरूप. ट्रक सुरू झाले की दोन-तीन आठवड्यांनी जातात. हाती काम आल्यावर कोण चोरी करतं?"

हा प्रश्न डोक्यात घेऊन मी दुपारी जेवायला घरी गेलो. ताटावर बसतो न बसतो तोच आमच्या सौभाग्यवती, माहेर पेडण्याचं, सुरू झाल्या.

"मुलगा पास होऊन दिवाळीसुद्धा झाली. आंगवणीचो कोंबडो कधी देतलात? राखणदार तुमच्या हाताखालचो शिपाय न्हय, वाट बघत उभो ऱ्हवाक!"

घास हातातच राहिला. राखणदार म्हणजे गावाची वेस राखणारा देव. त्याला आंगवण, म्हणजे नवस, बोलायची ती अडचणीत, आणि फेडायची सुख आल्यावर!

तसाच ठाण्यात परतलो. पोराची आई डबा घेऊन पायरीवर बसली होती. भाटकार आत खुर्चीवर बसून न्याय मागत होता. मी तिला आत बोलावलं आणि आवाज खाली आणून विचारलं, "आई, राखणदाराला काय बोलली होतीस?"

पोरगा ताडकन उठला. "साहेब, कोंबडो मिया नेलंय!"

"गप रे, खोटारड्या," आई म्हणाली. "सायबानु, ह्येका सोडा. मिया नेलंय. ट्रक सुरू झालो तर कोंबडो देतंय, असा बोललंय. ट्रक झालो सुरू, पण पगार म्हयनो भरल्यार. देव तवसर थांबात? पोर रोज चढावार गाडी हाकता. काय झाला म्हंजे?"

अजून ठाण्यातच थांबलेल्या बाईंनी चष्मा काढून पुसला. त्यांचं गणित बरोबर होतं. काम आलेलं, पगार न आलेला, आणि मधल्या त्या आठवड्यांत देवाची भीती. टोळी कुठे नव्हतीच. प्रत्येक कोंबड्यामागे एकेक आई असावी. बाकीचे कोंबडे कुणी नेले, ते मी पुढे कुणालाच विचारलं नाही.

त्यानंतर संशयिताला पाहिलं की, आज याचं काय बिघडलंय याबरोबरच, मध्यंतरी याचं काय भलं झालं, हेही मी विचारू लागलो. माणसाच्या मनातलं बाहेर यायला वेळ लागतो, दुःख असो की सुख.

पण त्या क्षणी सगळं भाटकाराच्या हातात होतं. म्हातारी त्याच्यापुढे हात जोडून उभी, पोराचा चेहरा पांढरा. भाटकार तिच्याकडे बघत राहिला, त्याने घसा खाकरला आणि एकदम ओरडला,

"अगे बाये, मागलो असतस तर मीच आणून दिलो असतो! मेलो रोज पहाटे माझीच झोप मोडायचो!"