विहीणबाईंचा साबण, माझे स्तोत्र

विघ्नहर्त्या गजाननाला आणि कुलस्वामिनीला नमस्कार करून हे लिहावयास बसले आहे. आज नरकचतुर्दशी. अभ्यंगस्नान आटोपले, देवापुढे निरांजन तेवते आहे आणि अंगाला घरच्या खोबरेल साबणाचा वास येतो आहे. या वासाबरोबर माझ्या विहीणबाई आठवतात. तेव्हा त्यांच्याविषयी लिहायला आजच्यासारखा दिवस नाही.

विहीणबाई हेवा लपवीत नसत. तहान लागली म्हणावे इतक्या सहजपणे त्या हेवा वाटला म्हणत. माझ्या लेकीच्या, नंदाच्या, लग्नात, मांडवातच, माझी ओटी भरताना त्या म्हणाल्या, "मला तुमचा हेवा वाटतो हो, विहीणबाई. वीस वर्षं पोर तुमच्याजवळ राहिली, आणि मला आत्ता मिळते आहे. सांगून टाकलं, म्हणजे पोटात राहत नाही." मी नुसती हसले. माझ्या वडिलांनी मला लहानपणापासून संस्कृत शिकवले होते, आणि शिकलेल्या बाईचा हेवा स्मितामागेच शोभतो अशी माझी समजूत होती. तो मला नव्हता असे मात्र नाही. त्या दिवसापासून आम्हां दोघींमध्ये प्रश्न एकच होता : नंदा कोणाची?

ऐंशीनंतरची ती वर्षे. जावई मुंबईला नोकरीला, गणपतीला आणि शिमग्याला येणारे. तिच्या सासरी, भाटे गावच्या त्या माडांच्या आगरात, सासू आणि सून, दोघीच. विहीणबाई घरच्या खोबरेलाचा साबण करीत. बाजारच्या साबणात चरबी असते अशी तेव्हा घरोघर कुजबुज होती. त्यामुळे देवधर्म पाळणाऱ्या बायका त्यांच्याकडे साबण शिकायला येऊ लागल्या. नंदा त्यांच्या हाताखाली. माहेरी आली की तिच्या तोंडी दुसरा विषय नसे. "आई, सासूबाई म्हणतात, तेल कोमट हवं, कढत नको." "आई, सासूबाई म्हणतात, साबण महिनाभर फळीवर वाळू द्यायचा, घाई करणाऱ्याच्या अंगाची आग होते." मी तिला इतकी वर्षे काय काय शिकवले, त्यातले एक वाक्यही तिने कुणाला असे कौतुकाने सांगितल्याचे मला ठाऊक नव्हते.

शेवटी मीही शिकायला गेले. साबणासाठी नव्हे, नंदा तिथे कशी दिसते ते पाहण्यासाठी. पडवीत सात-आठ बायका बसल्या होत्या. विहीणबाई पदर खोचून सांगत होत्या, "सोडा पाण्यात सोडायचा, थोडा थोडा. सोड्यावर पाणी घालायचं नाही. घातलंत तर मेला अंगावर थुंकतो." मी तेव्हा अंगणात पाय धूत होते, ते माझ्या कानी पडले नाही, मागाहून नंदाकडून कळले. शुभकार्याचा आरंभ प्रोक्षणाने करावा ही आमच्या घरची रीत. पडवीत येताच मी तांब्यातले पाणी दर्भाने साऱ्या साहित्यावर शिंपडू लागले. तेलावर, लाकडी साच्यावर आणि चिनी मातीच्या वाडग्यातल्या कॉस्टिक सोड्यावरही.

फस्सकन आवाज झाला. विहीणबाईंनी माझा हात झटकून बाजूला केला आणि उडालेला शिंतोडा त्यांच्या मनगटावर पडला. नंदा धावली, ती त्यांच्याकडे. तिने त्यांचा हात घागरीच्या धारेखाली धरला आणि कितीतरी वेळ सोडला नाही. मी दर्भ घेऊन तशीच उभी होते. तिने माझ्याकडे वळूनही पाहिले नाही.

विहीणबाईंनीच तिला दटावले, "अगो, माझ्याकडे काय बघतेस? आईकडे बघ आधी, पांढऱ्याफटक पडल्यात त्या." मग माझ्याकडे वळून हसल्या. "विहीणबाई, तुमच्या देवाला सांगा, साबण आंघोळ करून आलेला आहे." साऱ्या बायका हसल्या. मलाही हसावे लागले.

त्या दिवशी ढवळायला नंदा बसली. करवंटीच्या डावाने एकाच दिशेने ढवळत ती हलक्या आवाजात देवीचे स्तोत्र म्हणू लागली. ते मी तिला पाचव्या वर्षी शिकवले होते. स्तोत्र संपेपर्यंत मिश्रण पिठल्यासारखे दाट झाले. विहीणबाई मनगट फुंकीत माझ्या कानाशी आल्या. "बघितलंत? साबण माझा, पण तोंडात सगळं तुमचं. मला हेवा वाटतो हो." इतक्या दिवसांत प्रथमच मला घरी परतताना बरे वाटले.

पहिल्या बाळंतपणाला नंदा रीतीप्रमाणे माझ्याकडे आली. तिला पोचवायला आलेल्या विहीणबाईंनी पिशवीतून कापडात बांधलेल्या साबणाच्या वड्या काढल्या. "नातवंडाच्या अंगाला माझ्या घरचा वास यायला हवा."

मी म्हटले, "पहिले काही महिने बाळाला साबण लावायचा नाही, डाळीचे पीठ आणि साय. आमची रीत आहे."

"तुमच्या रीती बऱ्या वेळेवर उभ्या राहतात हो!" असे म्हणून त्यांनी वड्या माझ्या हाती ठेवल्या. "मग तुम्ही लावा. पोर मांडीवर तुमच्याच असणार. वास पोचेल." मी तो साबण रोज लावीत असे. तो उत्तम होता, हेच दुःख होते.

बारशाचे आमंत्रण द्यायला मीच भाट्याला गेले. मागील दारी चुलीजवळ विहीणबाई पाठमोऱ्या बसून ढवळीत होत्या आणि माझे स्तोत्र म्हणत होत्या. नंदाकडून ऐकून ऐकून त्यांनी ते पाठ केले होते. मात्र दर चरणाच्या मध्यावर त्या थांबत, डाव उचलून धार पाहत, धारेची रेघ मिश्रणावर टिकत नाही, म्हणजे साबण अजून जमला नाही, असे दिसले की पुन्हा ढवळीत आणि पुढचे अर्धे म्हणत. माझ्या वडिलांनी घालून दिलेला तो पाठ असा तुकड्यातुकड्यांनी ऐकताना माझ्या जिवाची तगमग झाली. मुलगी घेतली, आता स्तोत्रही घेतले! मी हाक मारताच त्या दचकल्या. "पोर इथं नाही ना," त्या म्हणाल्या, "घर मुकं झालंय. साबण तरी ऐकेल म्हटलं." मी आमंत्रणाची अक्षत पुढे केली.

काही वर्षांनी त्यांनी अंथरूण धरले. मी भेटायला गेले तेव्हा नंदा त्यांचे पाय चेपीत होती. त्यांनी तिला चहा करायला आत पाठवले आणि मला म्हणाल्या, "माझं स्तोत्र ऐका. चुकतं कुठं ते सांगा. तिकडं जाऊन हसं नको व्हायला." त्यांनी स्तोत्र म्हटले, प्रत्येक चरणाच्या मध्यावर थांबत. हातात डाव नव्हता, तरी थांबताना हात उचलला जात होता, आणि मनगटावरचा तो पांढरा डाग दिसत होता. माझ्यापुढे कुणाचा पाठ दुरुस्तीवाचून सुटत नसे. मी म्हटले, "असेच म्हणत जा."

त्यांनी ओळखले. "म्हणजे चुकतं. पण सांगितलं नाहीत." मग डोळे मिटून म्हणाल्या, "आता नाही वाटत तुमचा हेवा." आणि थोड्या वेळाने, "वाटतो हो. थोडा वाटतो." त्या वर्षीची दिवाळी त्यांना लाभली नाही.

आजच्या साबणाची वडी नंदाने धाडली आहे. ती आता माझ्या विहीणबाईंच्या जागी बसून नवशिक्या बायकांना सोडा आधी की पाणी आधी ते सांगते. नंदाची धाकटी सणासाठी माझ्याकडे आली आहे. सकाळी ती देवापुढे स्तोत्र म्हणू लागली. पहिल्याच चरणाच्या मध्यावर थांबली, उजवा हात किंचित उचलला आणि मग पुढचे म्हणाली. तिकडच्या आजीला या मुलीने कधी डोळ्यांनी पाहिले असले तरी ते तिला आठवण्याजोगे नाही. माझा अखंड पाठ तिने माझ्याच तोंडून कितीदा ऐकला आहे. उचलला मात्र तो थांबा, साबण ढवळणाऱ्या आईच्या तोंडून.

मला हेवा वाटतो हो, विहीणबाई. सांगून टाकते.

वाचकहो, तुमच्या घरी तेल, पाणी आणि माया यांची कधी वाण न पडो. लेकी-सुनांना दोन्ही घरी हक्काची पडवी मिळो. आणि तुमच्या देवघरात जे स्तोत्र म्हटले जाईल, थांबत का होईना, ते पुरे म्हणणारे कुणीतरी नेहमी असो.