सुजाताने गोधडीत आणलेलं मशीन

ही गोष्ट मी कुणालाच सांगितलेली नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही, आणि जिला सांगायला हवी होती तिला तर नाहीच. तुम्हाला का सांगते आहे? — तुम्ही मला ओळखत नाही म्हणून असेल. समोरासमोर बसून सांगायची वेळ आली असती तर मी चहाचं आधण ठेवायला उठले असते. अवघड काही आलं की मी स्वयंपाकघरात जाते, ही माझी जुनी सवय आहे.

गोष्ट तशी ऐकायला पोरकट आहे. व्हिडिओ गेमची. हसा हवं तर. चाळिशीला टेकलेली, नाशिकच्या सातपूरला दोन खोल्यांत संसार करणारी बाई गेम कसले खेळते, असं माझ्या जावेनेही तोंड वाकडं करून विचारलं होतं. तर खेळते. आणि मला ते शिकवलं माझ्या नणंदेने, सुजाताने. म्हणून आधी तिच्याबद्दल सांगते. — खरं तर मुद्द्यावर यायची भीती वाटते, म्हणून आधी तिच्याबद्दल.

मी लग्न होऊन आले तेव्हा सुजाता अकरावीत होती. नणंद म्हणून मी तिला जरा बिचकूनच होते. पण तिने पहिल्याच आठवड्यात माझ्या करपलेल्या पोळ्या गुपचूप आपल्या ताटात घेतल्या आणि चांगल्या तिच्या आईच्या, म्हणजे माझ्या सासूबाईंच्या ताटात सरकवल्या. तिचा सगळा स्वभाव त्यात आला. पुढे ती फार्मासिस्ट झाली, नाशिकरोडला एका औषधाच्या दुकानात नोकरी धरली आणि तिथेच मैत्रिणीबरोबर खोली घेऊन राहिली.

गेमचं मशीन आमच्या घरात आणलं माझ्या नवऱ्याने, प्रशांतने. कारखान्यात बोनस झाला होता. दोन महिने तो क्रिकेट खेळला, मग शिफ्ट बदलली आणि मशीनवर मी क्रोशाचा रुमाल टाकला. सुजाताने तो रुमाल काढला. तिनेही स्वतःसाठी तसंच मशीन घेतलं आणि मला म्हणाली, "वहिनी, आपण दोघी खेळायचं. तू सातपूरला, मी नाशिकरोडला."

आता इथे थोडं समजून घ्यावं लागेल. कंटाळू नका, माझी सगळी लबाडी याच्यातच आहे. हल्ली गेम डबीत येत नाहीत. नेटवरून विकत घ्यायचे आणि ते आपल्या खात्यात जमा होतात. आपल्या खात्यासाठी एक मशीन 'घरचं' म्हणून नेमायचं. त्या घरच्या मशीनवर आपले गेम कुणीही खेळू शकतं, नेट असो वा नसो. दुसऱ्या मशीनवर मात्र फक्त खातं ज्याचं आहे तोच उघडू शकतो, आणि तेही नेट चालू असेल तरच. नाहीतर गेमच्या चित्रावर बारीकसं कुलूप दिसतं.

मग लोक काय करतात? अदलाबदल करतात. सुजाताने तिच्या खात्याचं घर म्हणून माझं मशीन नेमलं आणि मी माझ्या खात्याचं घर म्हणून तिचं. तिचे गेम मला मिळाले, माझे तिला. सौदा म्हणावा तर बघा — तिच्याकडे वीसेक गेम, माझ्याकडे दोन. एक प्रशांतचं क्रिकेट आणि एक मोटारीचा, जो मला कधी जमला नाही. हे सगळं जोडून दिलं मी. सुजाता औषधांच्या बाबतीत हुशार, पण सेटिंगमध्ये शिरायचं म्हटलं की ती कंट्रोलर माझ्या हातात द्यायची. तिचं खातंही मीच माझ्या फोनवरून काढलं होतं. पासवर्ड माझ्याकडे. ती म्हणायची, "तुला कळतं ना, मग बास."

दोन वर्षं आम्ही इतक्या हसलो! हॉटेलच्या स्वयंपाकघराचा एक गेम होता. दोघींनी मिळून ऑर्डरी पुऱ्या करायच्या, वेळ संपायच्या आत. कानाला हेडफोन लावून मी सातपूरहून ओरडायची, "अगं कांदा चिर, कांदा! रस्सा जळतोय!" आणि ती तिकडे नाशिकरोडला ताटल्या फोडत बसायची. सासूबाई विचारायच्या, कुणाचं काय जळतंय? खरंच सांगते, लग्नाआधीच्या मैत्रिणी तुटल्यापासून मी एवढी मोठ्याने हसले नव्हते.

मग सासूबाईंना लकवा झाला. उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. पाठोपाठ सुजाताची सरकारी नोकरीत निवड झाली आणि नेमणूक मिळाली सुरगाण्याच्या पलीकडे, डोंगरातल्या एका आरोग्य केंद्रात. ती नको म्हणत होती, आईला सोडून कशी जाऊ म्हणून. मीच म्हटलं, जा, मी आहे. तेव्हा मी मनापासून म्हटलं होतं. ते खोटं नव्हतं.

तिच्या क्वार्टरमध्ये टीव्ही होता, वीज बरी होती. नेट मात्र नव्हतं. फोनला रेंज यायची ती टेकाडावरच्या पाण्याच्या टाकीपाशी. आणि नेट नाही म्हणजे काय? — तिचेच गेम तिच्या मशीनवर कुलूपबंद. संध्याकाळी पाचनंतर त्या गावात तिला बोलायला माणूस नव्हतं. नवीन जागा, भाषेचा लहेजा वेगळा, दार लावून ती एकटी.

दुसऱ्या महिन्यात ती शनिवारी घरी आली. मांडीवर गोधडी. गोधडीत मशीन. चार तास एसटीत ते तान्ह्या मुलासारखं धरून बसली होती, आणि नाशिकच्या सीबीएस स्टँडवरून पुन्हा सिटी बसमध्ये उभी. "वहिनी, आता काही दिवस माझं घर माझ्याच मशीनवर लावून दे ना," ती म्हणाली. "तिथे संध्याकाळ जाता जात नाही गं."

तिने ते मशीन आमच्या टीव्हीला जोडलं, माझ्या हातात कंट्रोलर दिला आणि आईच्या हाताला तेल लावायला कॉटवर जाऊन बसली. टीव्हीकडे तिची पाठ होती. मी सेटिंगमध्ये गेले. ते पान उघडलं. स्क्रीनवर प्रश्न आला — हे मशीन घरचं म्हणून नेमायचं का? हो, नाही. माझा अंगठा 'हो'वर होता.

आणि मी मागे फिरले. ते पान बंद केलं.

मग म्हटलं, "अगं, हे वर्षभर बदलता येत नाही म्हणतंय. कंपनीचा नियम आहे."

झालं. एवढंच. सांगून टाकलं एकदाचं. यात अर्धं खरं होतं, म्हणून तर खोटं पचलं. घर वारंवार बदलू देत नाहीत हे खरं आहे. पण आम्ही तोवर एकदाच बदललं होतं. स्क्रीन मला नाही म्हणत नव्हती. मी तिला नाही म्हणाले.

का? तो क्षण मी इतक्या वेळा उलटापालटा करून पाहिला आहे. तिचा तेल लावणारा हात दिसला आणि माझ्या मनात आलं — ही महिन्यातून एकदा येऊन तेल लावते. रोज आईंचं हगणं-मुतणं मी काढते. दुपारी दोन ते चार आई झोपतात, तेवढा वेळ माझा आहे आणि त्या वेळात मी ते गेम खेळते. एवढं एक माझ्याकडे राहायला नको का? असं आलं मनात. ते कारण म्हणून सांगत नाही. थकलेल्या बायका रोज दिसतात, त्या काही अशा तोंड वर करून खोटं बोलत नाहीत. आणि दुसरं असं की नुसतं म्हटलं असतं, "सुजे, राहू दे ना माझ्याकडे" — तर तिने एका शब्दात दिलं असतं. हे मला तेव्हाही माहीत होतं. जी वस्तू मागितल्यावर मिळाली असती ती मी चोरली, कारण मागितलं असतं तर तिचे आभार मानावे लागले असते, आणि त्या दिवसांत मला तिचे आभार मानायचे नव्हते.

ती काय म्हणाली माहीत आहे? "असू दे मग. तुझ्याकडे आहे ते बरंच आहे, तुला तरी विरंगुळा." आणि मशीन पुन्हा गोधडीत गुंडाळलं. मी तिला म्हटलं, इथेच ठेव, कशाला ओझं नेतेस. तर हसून म्हणाली, "तुझं क्रिकेट आहे ना त्यात. ते चालतं की."

चालत होतं. कारण माझ्या खात्याचं घर तिच्या मशीनवर होतं. माझे दोन गेम तिला नेटशिवाय उघडत होते. म्हणजे वर्षभर, जिला एलबीडब्ल्यू म्हणजे काय ते ठाऊक नव्हतं, ती मुलगी त्या डोंगरात प्रशांतचं क्रिकेट खेळली. आणि तिच्या पगारातून घेतलेले वीस गेम दुपारी दोन ते चार मी खेळले.

यापुढचं जास्त वाईट आहे. दोन-तीन महिन्यांनी एकदा सेटिंग चाळताना माझ्या लक्षात आलं की मला काही सोडावंच लागलं नसतं. आमच्याकडे नेट होतं. पासवर्ड माझ्याकडे होता. तिच्या नावाने आत शिरून मी तेच गेम माझ्या मशीनवर खेळले असते आणि तिचं घर तिच्याकडे राहिलं असतं. दोघींना मिळालं असतं. तेव्हा तरी फोन करायचा ना? पुढच्या शनिवारी मशीन घेऊन ये, एवढंच म्हणायचं होतं. नाही म्हटलं. कारण मग ती विचारणार — नियम बदलला का? आणि मला दुसरं खोटं रचावं लागणार. पहिलं रागाने बोलले होते. नंतरचे सगळे महिने नुसत्या भित्रेपणाचे.

पावसाळ्यात एका दुपारी तिचा फोन आला. आमच्या हॉटेलच्या गेमचा दुसरा भाग निघाला होता, तिला कुणीतरी सांगितलं. म्हणाली, "वहिनी, घेऊन टाक. माझं कार्ड टाक, ओटीपी मी सांगते." मी म्हटलं, अगं तुला कुठे खेळता येणार आहे? तर म्हणे, "तू खेळ ना. आईचं करून दमतेस."

ती टाकीपाशी उभी होती. छत्रीवर पाऊस वाजत होता, मला ऐकू येत होता. ओटीपी आला, सांगेपर्यंत आवाज तुटला. पुन्हा मागवला. पुन्हा वेळ संपली. तिसऱ्या वेळेला तिने एकेक आकडा ओरडून सांगितला आणि गेम आला. ती तिकडे "आला? आला का?" म्हणून विचारत होती. मी आला म्हटलं आणि तिचा जीव भांड्यात पडला. स्वतःला न उघडणारा गेम, माझ्यासाठी, भिजत.

मी तो गेम खेळले का? खेळले. त्याच दुपारी. मजाही आली. हे लिहायला जड जातंय, पण आली.

वर्ष उलटलं आणि तिची बदली दिंडोरीकडे झाली. तिथे नेट आहे. सामान लावायला मी गेले होते. मी तिच्या मशीनवर घर लावून दिलं आणि म्हटलं, वर्ष झालं, आता देताहेत बदलून. कुलपं गेली. ती लहान मुलीसारखी टाळ्या पिटत खाली बसली. मग म्हणाली, "बरं झालं, तू लक्षात ठेवलंस." आणि पाचच मिनिटांनी, "पण आता इथे नेट आहे की. मग देत असतील बदलून तर तुझ्याकडेच लाव ना परत. मला काय फरक पडतो?"

असं तिने मला तेच दुसऱ्यांदा दिलं. या वेळी तर मी मागितलंही नव्हतं.

आता आम्ही पुन्हा खेळतो, संध्याकाळी, आई उशीला टेकून बघत असतात. त्या आता काठीने चालतात, दोन-चार शब्द बोलतात. त्यातला एक 'कांदा' आहे. मला या घरात हसायला मिळालं, ते सुजातामुळे. त्या वर्षी मी वेडी झाले नाही, तेही तिच्यामुळेच, आणि तिला ते माहीत नाही. माझ्या आयुष्यात तिच्याइतकं मला कुणी दिलेलं नाही. हे मी रोज मनात म्हणते. तिच्यासमोर म्हटलं तर पुढचंही सांगावं लागेल, म्हणून तेही म्हणत नाही.

एक राहिलं. ती आता क्रिकेटवेडी झाली आहे. मॅच लागली की प्रशांतला यॉर्कर समजावून सांगते. त्या आरोग्य केंद्रातल्या नर्सबाई, शेजारच्या अंगणवाडीतल्या ताई, सगळ्या संध्याकाळी तिच्या क्वार्टरमध्ये येऊन बसायला लागल्या होत्या म्हणे, पाळीपाळीने बॅटिंग करायला. अजूनही त्यांचे फोन येतात. आणि त्यांच्याशी बोलून झालं की फोन ठेवून ती दर वेळी मला सांगते. काल पुन्हा म्हणाली, "वहिनी, तुझं क्रिकेट होतं म्हणून माझं ते वर्ष निघालं गं. थँक्यू."

मी म्हटलं, "असू दे गं," आणि चहाचं आधण ठेवायला उठले.