अक्कांच्या श्वासाची जागा

फोनवर अक्कांना आयुष्यभर लोक ‘सर’ म्हणत आले. बँकेत अधिकारी होत्या तेव्हाही, आणि निवृत्तीनंतर आमचा मेळा चालवू लागल्या तेव्हाही. त्यांनी “हॅलो” म्हटलं की पलीकडचा माणूस सावरून बसायचा, हे इकडे बसून आम्हाला कळायचं. त्यांनी कुणाची चूक कधी दुरुस्त केली नाही. “अर्धी कामं सर म्हणून होतात, अर्धी अक्का म्हणून. कशाला सांगायचं?” असं म्हणून त्या पुढचा नंबर लावायच्या.

आमचा मेळा म्हणजे सात माणसं, सगळी खालच्या आवाजाची. ना पेटी, ना तबला, ना तंबोरा. तंबोऱ्याचं कामसुद्धा गळ्यानंच करायचं. सहा पुरुष आणि अक्का. आणि त्या सहांतल्या दोघांना अक्कांइतकं खाली जाता यायचं नाही, ही गोष्ट त्या दोघांसमोर काढायची नाही असा अलिखित नियम होता. कार्यक्रम, जाहिराती, नाटकांचं पार्श्वसंगीत यांवर आमची घरं चालायची. ‘हौशी’ हा शब्द अक्कांना शिवीसारखा लागायचा. मी बोम्मसंद्राच्या कारखान्यातली नोकरी सोडून मेळ्यात आलो, तेव्हा निपाणीहून वडिलांचा फोन आला. “म्हणजे नुसतं हूं हूं करून पगार मिळतोय व्हय?” अक्कांनी फोन माझ्या हातातून काढून घेतला. “अण्णा, हे काम आहे. काळजी बेडा, काळजी नको.” वडील एकदम मवाळ झाले. “बरं बरं, सर,” म्हणाले आणि त्यांनी फोन ठेवला. तो विषय घरात पुन्हा निघाला नाही.

अक्कांचं घराणं कित्येक पिढ्या बेंगळुरूत मुरलेलं. त्यांच्या मराठीत निम्मं कन्नड असायचं आणि त्यांना त्याचा पत्ता नसायचा. मला त्या ‘तम्मा’ म्हणायच्या, म्हणजे धाकटा भाऊ. के. आर. पुरमला रेल्वेलाइनला लागून त्यांचं घर. झोपून उठल्यावर माणसाचा आवाज सगळ्यात खाली असतो, म्हणून तालीम भल्या पहाटे. पहिला सूर लागेपर्यंत कुणी बोलायचं नाही, चहाही नाही. सहा माणसं चोरासारखी गुपचूप आत शिरायची आणि चपला काढून भिंतीशी उभी राहायची. मधेच गाडीचा भोंगा वाजला की आमचा सूर त्याच्या मागे धावायचा. अक्का डोळेही उघडायच्या नाहीत. “गाडी तिच्या सुरात जाईल, तम्मा. आपण आपल्या सुरात थांबायचं.”

वाद्य नसलं की खरी पंचाईत श्वासाची होते. सातही जणांनी एकदम श्वास घेतला तर गाण्याला भोक पडतं. म्हणून प्रत्येकाची श्वासाची जागा ठरलेली, आणि त्याच्या शेजाऱ्यानं तेवढ्यापुरता आपला आवाज किंचित वाढवायचा. याला आम्ही ‘झाकणं’ म्हणायचो. मी अक्कांच्या डाव्या हाताला उभा असायचो, त्यामुळे अक्कांचं झाकण मी. बाकीचे त्यावरून माझी यथेच्छ टिंगल करायचे. पण मला त्या जागेचा अभिमान होता, आजही आहे.

अक्का एकाच गोष्टीवर भडकायच्या, ती म्हणजे कुणी खोटे ओठ हलवले की. लहानपणी त्या गाण्याच्या क्लासला गेल्या, तेव्हा बाईंनी त्यांना मागच्या रांगेत बसवलं होतं. स्नेहसंमेलनासाठी गाणं बसवलं. बाई म्हणाल्या, तू नुसते ओठ हलव, आवाज काढू नकोस, सगळ्यांचा सूर खाली ओढतेस. अक्कांनी ओठ हलवले. आई समोर बसून कौतुकानं टाळ्या वाजवत होती, हे सांगताना त्यांचा आवाज अजूनच खाली जायचा. पुढे त्यांनी मेळा काढला आणि पहिल्याच तालमीला बजावलं, “सूर लागत नसेल तर थांबा, खोकला, बाहेर जा. ओठ हलवायचे असतील तर चहा पिताना हलवा.”

आपल्या आईची एक अंगाई अक्कांनी आम्हा सातांसाठी बसवली होती. सात रेडे मिळून बाळाला झोपवतायत असं ते सुरुवातीला वाटायचं आणि लोक हसायचे. दुसऱ्या कडव्यापर्यंत हसू थांबायचं. शेवटच्या ओळीआधी अक्का एक अगदी खालचा सूर लांबवर धरायच्या, मग श्वास घ्यायच्या, आणि मी तो झाकायचो. सगळ्या अंगाईत त्यांचा तेवढाच श्वास लोकांना ऐकू येण्यासारखा होता. माझ्यामुळे तो कधी ऐकू आला नाही.

एका तालमीत त्यांनी भलत्याच जागी श्वास घेतला. मी न ठरवता झाकला. गाणं संपल्यावर त्या म्हणाल्या, “का रे, तिथं स्वल्प मोठा झालास?”

“अक्का, तुम्ही श्वास घेतलात.”

“घेतला. तू झाकलास. सरी, ठीक.”

त्यानंतर अशा जागा वाढत गेल्या. डॉक्टरांनी सांगितलं की फुप्फुसं कडक होत चालली आहेत, आणि ती पुन्हा मऊ होणार नाहीत. आम्हा सगळ्यांच्या मनात एकच विचार होता, की अक्का थांबल्या तर मेळा थांबला. उरलेल्या सहांना एकत्र ठेवणारं दुसरं काही नव्हतं. तालीम सोडली तर आमचं एकमेकांशी धड पटतही नव्हतं. शेवटी आमच्यातल्या शंकरनं, अगदी मायेनं, तोंड उघडलं. “अक्का, तुम्ही नुसत्या उभ्या राहा. थोडे ओठ हलवा. आम्ही सांभाळून घेतो, कुणाला कळणार नाही.”

अक्का त्याला म्हणाल्या, “एकदा हलवलेत, शंकर. साकु. पुरे ते.” मग आमच्याकडे वळून म्हणाल्या, “माझ्या जागी माणूस बघायचा. मेळा बंद होणार नाही. उद्या तालीम आहे.”

माणूस सापडला तो फोनवर. एका कार्यक्रमाची चौकशी करायला कुणाचा तरी फोन आला. अक्का म्हणाल्या, “सांगा सर.” पलीकडून तितकाच खालचा आवाज आला, “थँक यू सर.” अक्का थबकल्या आणि त्यांनी नाव विचारलं. नाव निघालं तन्वी. पुण्याची मुलगी, एचएसआर लेआउटमध्ये कुठल्याशा स्टार्टअपमध्ये नोकरीला. अक्कांनी तिला बोलावून घेतलं आणि दुसऱ्या दिवशी ती अवघडून दारात उभी राहिली. “मॅम, माझा व्हॉइस थोडा मॅनली आहे. चालेल ना?”

“थोडा?” अक्का म्हणाल्या. “अय्यो, मला पूर्ण हवा आहे. बा, आत ये.”

पुढचे काही महिने अक्का खुर्चीत बसून तिला शिकवत होत्या. दोन शब्द बोलायच्या, दम खायच्या, मग पुढचे दोन. आम्हाला ते बघवायचं नाही; त्यांना त्याचं काही नव्हतं. तन्वीची छाती भक्कम होती. अक्कांच्या श्वासाच्या जागी तिला श्वास लागायचाच नाही, ती सरळ पुढे निघून जायची. अक्कांनी तिच्यासाठी नवी जागा ठरवून दिली.

तन्वीच्या पहिल्या कार्यक्रमाला अक्का पहिल्या रांगेत बसल्या होत्या. अंगाईत ती जागा आली आणि माझा आवाज सवयीनं वाढला. झाकायला काही नव्हतंच, त्यामुळे सुराला टेंगूळ आल्यासारखं झालं. समोर अक्कांनी मांडीवरचा तळवा हळूच खाली दाबला: स्वल्प कमी. नंतर मला म्हणाल्या, “मी नाही तिथं, तम्मा. आता तिच्याकडं कान ठेव.”

त्या थंडीत अक्का गेल्या. “माझ्यासाठी सुट्टी बेडा,” असं त्यांनी आधीच बजावून ठेवलं होतं, त्यामुळे दुसऱ्या पहाटे आम्ही सात जण त्यांच्या घरी भिंतीशी उभे राहिलो. शंकर रडत होता, पण सूर धरून रडत होता. मागून गाडी भोंगा वाजवत गेली. आम्ही आमच्या सुरात थांबलो.

माझी खोड मात्र गेली नाही. अंगाईत ती जागा आली की आवाज वाढायचाच. तालमीत ठरवायचो, आज नाही, आणि तरी वाढायचा. मला त्याची लाजही वाटायची आणि ती सवय सुटू नये असंही वाटायचं. एके दिवशी तालीम संपल्यावर तन्वी चहाचा कप घेऊन माझ्याजवळ आली.

“दादा, मी माझी ब्रेथ शिफ्ट केलीय. अक्का घ्यायच्या ना, तिथंच घेणार आता.”

“तुला तिथं लागत नाही श्वास.”

“नाही लागत. पण तू तिथं झाकतोसच. मग ती जागा रिकामी कशाला ठेवायची?”

परवाच्या कार्यक्रमात शेवटच्या ओळीआधी तिनं श्वास घेतला. मी झाकला. सूर तुटला नाही.