राक्षसाचं पानी

ड्रॉवर आवरताना वीस बाजूंचा फासा हाती लागला आणि किळस आली, फाशाची नाही, स्वतःचीच. कॉलेजात असताना माणिकपूरला एका मित्राच्या फ्लॅटवर आम्ही हाच फासा टाकत राक्षस-योद्ध्यांच्या गोष्टीचा खेळ खेळायचो. गोष्ट तोच रचायचा, राक्षसांचे आवाजही तोच काढायचा. एका दुपारी त्याचा चिखलातला, शेंबडा राक्षस घोगऱ्या आवाजात म्हणाला, “पानी दे, पानी.” सगळे खो-खो हसले. आमच्या कोळीवाड्यात घरोघरी असंच बोलतात, हे त्यांना कळू नये म्हणून सगळ्यांत मोठ्याने मी हसलो. घरी आल्यावर आईने विचारलं, “पानी देऊ?” मी खेकसलो, “पाणी म्हण.” आजही ती आल्यागेल्याला पानी विचारते, मला मात्र जरा थांबून, जपून, ‘पाणी’.